पावणेदोन अब्ज वर्षे, पस्तीस मिनिटे

अमेरिकेच्या नैर्ऋत्येला नेवाडा, युटा आणि ॲरिझोना ही राज्ये जिथे एकमेकांना भिडतात, तिथल्या वाळवंटी दऱ्या-घळी आणि नॅशनल पार्क तीन दिवसांत दाखवणाऱ्या बस सहली लास व्हेगसहून निघतात. नेहमीचा क्रम असा: पहिल्या दिवशी झायन आणि ब्राइस, दुसऱ्या दिवशी पेज गावाजवळची अँटेलोप कॅन्यन आणि हॉर्सशू बेंड, तिसऱ्या दिवशी ग्रँड कॅन्यन आणि परत व्हेगस. एकूण प्रवास १३०० किलोमीटरच्या आसपास. त्यात पायी चालायचे अंतर थोडेच, आणि तेही बरेचसे स्वच्छतागृहाकडे.

या सहलीला जाणाऱ्या मराठी माणसांत मोठा भरणा सहा महिन्यांसाठी मुलाकडे किंवा मुलीकडे आलेल्या आईवडिलांचा असतो. मुलांची रजा मोजकी, आणि तीही भारतवारीसाठी राखून ठेवलेली. तिसऱ्या महिन्यात घरातले सगळे डबे नव्याने लावून होतात, जवळची देवळे बघून होतात आणि डिशवॉशर कसा भरावा यावर बाबा मत देऊ लागतात. त्याच संध्याकाळी मुलगा लॅपटॉप उघडून बुकिंग करतो आणि जाहीर करतो, “तुम्हाला काही म्हणजे काही करायचं नाही. नुसतं बसायचं.” सहलीच्या संपूर्ण माहितीपत्रकात याहून मोठी थाप सापडत नाही.

बुकिंगच्या वेळी ‘दोघांवर तिसरा फुकट’ अशी सवलत हमखास दिसते. अट एवढीच की तिसऱ्याने त्याच खोलीत झोपायचे. पार्कांचे प्रवेशशुल्क, अँटेलोपचे तिकीट, जेवण आणि टिप फुकट माणसालाही भरावी लागते. फुकट असते ते बसणे आणि झोपणे. तरीही फुकट जागा वाया जाऊ देणे मराठी मनाला मानवत नाही. मग न्यू जर्सीहून मावशींना बोलावून घेतात. त्यांचे विमानाचे तिकीट हिशेबात धरत नाहीत.

बस सकाळी सहाला सुटते. व्हेगसच्या मोठ्या हॉटेलांत लिफ्टपासून रस्त्यापर्यंतची वाट जुगाराच्या दालनातून जाते, आणि ती मुद्दामच तशी आखलेली असते. त्यामुळे पहाटे साडेपाचला तिथे दोन संस्कृतींची भेट घडते. रात्रभर न झोपलेली माणसे यंत्रांसमोर बसलेली असतात. त्यांच्यामधून कानटोपी घातलेले एक जोडपे, एका पिशवीत भडंग आणि दुसरीत दशम्या घेऊन, सुटकेसची चाके खडखडवत चाललेले असते. “अहो, तिकडे बघू नका,” असे दबल्या आवाजात ऐकू येते. दोन्ही पक्ष एकमेकांची कीव करतात.

बसमधल्या जागा बुकिंगच्या क्रमाने मिळतात. पुढच्या दोन रांगा गाईड वयस्कर किंवा गुडघेदुखी असलेल्या प्रवाशांसाठी राखतो. ही बातमी पसरायला फारसा वेळ लागत नाही. पहिल्या दिवशी सकाळी बसमध्ये दोघांचे गुडघे दुखत असतात. संध्याकाळपर्यंत निम्म्या बसचे दुखू लागतात, आणि दुसऱ्या दिवशी एक तिशीतला तरुण पायरी चढताना सर्वांना ऐकू जाईल असे कण्हतो. खिडकीचा नियम मात्र सर्वांना सारखाच आहे: बघण्यासारखे जे काही असते ते पलीकडच्या खिडकीतून दिसते. जागा बदलून घेतली की रस्ता वळतो.

या मार्गावर सहली चालवणाऱ्यांत चिनी वंशाच्या लोकांच्या कंपन्या पुष्कळ, त्यामुळे गाईड बहुधा मँडरिन आणि इंग्रजी अशा दोन भाषांत बोलतो. मँडरिनमधले निवेदन पंधरा मिनिटे चालते. त्यात चढउतार असतात, नकला असतात, मध्येच गाण्याची एखादी ओळही असते. अर्धी बस खळखळून हसते. एक बाई डोळे पुसते. मग गाईड इंग्रजीकडे वळतो आणि सांगतो, “उजवीकडे डोंगर. लंच साडेबाराला.” उरलेली अर्धी बस सभ्यपणे मान डोलावते. मराठी काकांना मात्र संशय येतो.

“बाकीचं काय सांगितलं त्यानं?”

“मला कसं कळणार?”

“त्या शेजारणीला विचार. सगळ्यात जास्त तीच हसत होती.”

शेजारीण तैवानची निवृत्त शिक्षिका असते. ती मोडक्या इंग्रजीत समजावते की गाईडने बसमधल्या शौचालयाचे नियम सांगितले.

हे नियम दुर्लक्ष करण्यासारखे नसतात. बसच्या मागच्या टोकाला शौचालय असते, पण ते ‘फक्त इमर्जन्सीसाठी’. इमर्जन्सी कशाला म्हणायचे याचा निवाडा गाईड करतो, आणि तोही माईकवरून. त्यामुळे सज्जन माणूस दोन-दोन तास दम धरतो. बस पेट्रोल पंपाशी थांबते, पंधरा मिनिटे जाहीर होतात, ५० माणसे एकाच वेळी उतरतात आणि आत दोन दारे असतात. उरलेले गणित रांगेतच सोडवावे लागते.

झायनबद्दल फार लिहिण्यासारखे नाही, कारण बसमधून ते फारसे दिसत नाही. १९१९ साली नॅशनल पार्क झालेली ही दरी व्हर्जिन नदीने लालसर वालुकाश्मात कापली आहे. इथे दरीच्या तळातून वर पाहायचे असते, आणि बसच्या छपराला खिडकी नसते. कड्यांचे पायथे मात्र सर्वांना व्यवस्थित दिसतात. पार्कच्या आतल्या दरीत जाण्यासाठी २००० सालापासून वेगळी शटल बस आहे. तिच्या रांगेत जेवढा वेळ जातो साधारण तेवढाच वेळ सहलीच्या वेळापत्रकात झायनला दिलेला असतो. पूर्वेकडे जाताना बसला १९३० साली खुला झालेला सुमारे पावणेदोन किलोमीटरचा बोगदा लागे. कमानीच्या छतामुळे मोठ्या गाडीला बोगद्याच्या मधोमध चालावे लागे, म्हणून समोरची वाहतूक अडवून बस सोडत. अख्ख्या बोगद्यात सगळे व्हिडिओ काढत. तो अंधाराचा असे.

घड्याळाचा विषय इथेच उरकलेला बरा, कारण सहलीतली बहुतेक भांडणे त्यातून होतात. उन्हाळ्यात नेवाडा आणि ॲरिझोनाची वेळ एकच असते. युटा एक तास पुढे. ॲरिझोना राज्य उन्हाळ्यात घड्याळ पुढे करत नाही. पण त्याच राज्यातला नावाहो लोकांचा प्रदेश करतो, कारण तो युटा आणि न्यू मेक्सिकोतही पसरलेला आहे. या नावाहो प्रदेशाने चहूकडून वेढलेले होपी लोक पुन्हा करत नाहीत. अँटेलोप कॅन्यन नावाहो भूमीत आहे, पण तिथल्या सहली पेज गावाच्या, म्हणजे ॲरिझोनाच्या वेळेने चालतात. मोबाइलला यातले काही ठाऊक नसते. जो टॉवर जवळ सापडेल त्याची वेळ तो दाखवतो. पेजच्या हॉटेलात रात्री कूस बदलली तरी तास बदललेला असू शकतो.

“उद्या सकाळी सात. बस टाइम,” गाईड सांगतो.

“बस टाइम म्हणजे कुठला?”

“माझं घड्याळ.”

अशा रीतीने गाईडचे मनगट हा या भागातला आणखी एक कालविभाग ठरतो. तरीही दुसऱ्या दिवशी कोणी तासभर आधी येऊन बंद बसभोवती फेऱ्या मारतो, तर कोणी तासभर उशिरा येऊन आपण वेळेवर आल्याचा पुरावा म्हणून फोन दाखवतो. एक काका मात्र तिन्ही दिवस अचूक वेळेला हजर असतात. त्यांनी मनगटावर भारतातली वेळ तशीच ठेवलेली असते आणि ते कुठल्याही घड्याळाने पहाटे चारलाच उठतात.

ब्राइस कॅन्यनच्या नावात कॅन्यन असले तरी ती दरी नाही. एका मोठ्या पठाराची कड इथे झिजत गेली आणि तिचे अर्धगोल सभामंडप तयार झाले. उंची २४०० मीटरच्या वर. वर्षातले १७० ते २०० दिवस इथे तापमान गोठणबिंदूच्या खालीवर होते. भेगांत शिरलेले पाणी गोठून फुगते आणि दगड फोडते. त्यातून उभे राहिलेले तांबूस सुळके इथे आहेत तेवढे जगात दुसरीकडे नाहीत. ज्याच्यावरून नाव पडले तो एबेनेझर ब्राइस एकोणिसाव्या शतकात इथे गुरे राखून होता, आणि हरवलेली गाय शोधायला ही फार वाईट जागा आहे, असा त्याचा अभिप्राय सांगतात. या सगळ्या निसर्गवर्णनात काकूंना पटतो तो एवढाच.

वाळवंट म्हटल्यावर मराठी माणसाने सुती कपडे भरलेले असतात. मे महिन्यात ब्राइसच्या कड्यावर उतरल्यावर पहिला उद्गार निसर्गसौंदर्याचा नसतो, तो “शाल कुठल्या बॅगेत आहे?” असा असतो. बॅग बसच्या पोटात सर्वांत आत असते. कुडकुडत सुळके पाहिले जातात. त्यांतल्या काहींना अधिकृत नावे आहेत: एकाला क्वीन व्हिक्टोरिया, एकाला थॉरचा हातोडा. मावशी ती मान्य करत नाहीत. “हातोडा कसला, मारुतीची गदा आहे. आणि ती व्हिक्टोरिया नाही, जात्यावर बसलेली बाई आहे.” इथल्या पायूट लोकांच्या कथेनुसार हे सुळके म्हणजे वाईट वागणारी माणसे असून कोयोटी या कोल्ह्यासारख्या प्राण्याने त्यांना दगड करून टाकले. त्यांचा गुन्हा काय होता ते गाईड सोयीने बदलतो. उशिरा परतणारे प्रवासी जास्त झाले, तर ती माणसे बसला उशीर करणारी होती असे सांगतो.

जेवणाचे म्हणाल तर वाळवंटात शाकाहारी माणसाची गाठ चीज पिझ्झाशी पडते, आणि दुसऱ्या दिवशीही त्याच्याशीच पडते. बुफे असेल तर काउंटरवर एक ठराविक संवाद होतो. “हे व्हेज आहे का?” “हो, चिकन आहे.” तिसऱ्या खेपेला माणूस प्रश्न विचारणे सोडून भाताकडे बोट दाखवतो. खरे जेवण रात्री हॉटेलच्या खोलीत होते. खोलीत कॉफीचे यंत्र ठेवलेले असते; त्यात कॉफी सोडून सर्व काही शिजते. गरम पाण्यात भिजवलेले पाकिटातले पोहे, त्यावर भडंग, तोंडी लावायला लिंबाचे लोणचे. आग लागल्याचा इशारा देणारे यंत्र पलंगाच्या बरोबर वर असते, म्हणून फोडणी तेवढी देता येत नाही. मावशींची सुटकेसमधला राइस कुकर काढण्याची तयारी असते, पण काका कायद्याचे नाव काढून त्यांना थोपवतात.

अँटेलोप कॅन्यन ही जमिनीला पडलेली चीर आहे. अचानक येणाऱ्या पुरांनी वालुकाश्म आतून घासून त्याला लाटांसारखी वळणे दिली. वरची घळ जेमतेम २०० मीटर लांब. खालच्या घळीत शिड्या उतराव्या लागतात. १९९७ पासून नावाहो गाईडशिवाय आत सोडत नाहीत. बॅग न्यायची परवानगी नाही, त्यामुळे दशम्या बसमध्येच राहतात आणि मन तिथे अडकते.

आत गेल्यावर पाहण्याचे काम फोनकडे सोपवले जाते. नावाहो गाईड प्रत्येकाचा फोन हातात घेतो, रंगांची सेटिंग बदलतो आणि कुठे उभे राहून कुठल्या कोनातून काढायचे ते सांगतो. मग डोळ्यांना फिकट तपकिरी दिसणारा दगड पडद्यावर केशरी-जांभळा पेटतो. फोटो पाहून माणूस दगडाकडे पाहतो आणि दगडच जरा कमी पडल्यासारखा वाटतो. “इथे वाऱ्यावर केस उडवणारी बाई दिसते,” गाईड म्हणतो. सगळे ‘दिसली, दिसली’ म्हणतात. काकांना ती फोटोत दिसते, दगडात नाही. पण मागून दुसरा गट येत असतो आणि पुढचा गट अडलेला असतो, त्यामुळे शोध अपुरा राहतो. शेवटी प्रत्येकाच्या फोनमध्ये एकाच जागेचा, एकाच कोनातला, एकाच सेटिंगचा फोटो असतो आणि प्रत्येक जण तो शेजाऱ्याला दाखवतो.

हॉर्सशू बेंडला कोलोरॅडो नदी एका कड्याला सुमारे २७० अंशांचा वळसा घालते. पाहणारा तिच्यावर ३०० मीटर उंचीवर उभा असतो. कठडा थोड्याच भागाला आहे, आणि फोटो काढायला सगळे जिथे कठडा नाही तिथे जातात. पूर्ण वळण आणि पूर्ण बायको एका चौकटीत मावत नाही, ही इथली मूळ अडचण. “जरा मागे सरक,” काका म्हणतात, आणि आजूबाजूची वीस माणसे, एकालाही मराठी येत नसताना, एकदम ओरडतात. काकू पुढे येतात. तीस वर्षांत पहिल्यांदाच नवऱ्याचे ऐकायचे नाही यावर इतकी मोठी सहमती त्यांना मिळालेली असते.

ग्रँड कॅन्यन तिसऱ्या दिवशी येते, आणि तोपर्यंत बस दऱ्यांना सरावलेली असते. “अजून एक?” असे कोणी तरी म्हणतेच. ही दरी ४४६ किलोमीटर लांब, काही ठिकाणी २९ किलोमीटर रुंद आणि दीड किलोमीटरहून जास्त खोल आहे. कठड्यापाशी पायाखाली जो दगड असतो तो सुमारे २७ कोटी वर्षांचा, म्हणजे सह्याद्रीच्या कातळाच्या चौपट जुना. तळाजवळचा १७५ कोटी वर्षांचा. मॅदर पॉइंटला बस पस्तीस मिनिटे थांबते. हिशेब मिनिटाला पाच कोटी वर्षांचा पडतो. रेस्टरूमची पंधरा मिनिटे वजा केली तर तो पावणेनऊ कोटींवर जातो.

गाईडच्या भरवशावर ही दरी पाहण्याची रीत जुनी आहे. १५४० साली स्पेनचा गार्सिया लोपेझ दे कार्देनास होपी गाईड घेऊन इथे पोहोचला. वरून त्याच्या माणसांना नदी जेमतेम पुरुषभर रुंद वाटली. तिघे खाली उतरायला गेले आणि एक तृतीयांश उतरून परतले. वरून माणसाएवढे दिसणारे खडक जवळ गेल्यावर सेव्हिलच्या मनोऱ्याहून उंच निघाले. तीन दिवस वाट शोधून मंडळी परत फिरली. होपींना खाली जाण्याची वाट ठाऊक असणार, असे पुष्कळ अभ्यासक मानतात. ती त्यांनी दाखवली नाही. कार्यक्रमात जे नाही ते गाईड दाखवत नाही, हा नियम तेव्हापासूनचा. पुढे १८५८ साली लेफ्टनंट जोसेफ आइव्हज आला. हा प्रदेश निरुपयोगी असून आपल्यानंतर इथे कोणी फिरकेल असे वाटत नाही, असे त्याने अहवालात नोंदवले. हल्ली वर्षाला जवळपास ५० लाख माणसे फिरकतात आणि पार्किंग मिळत नाही.

मराठी प्रवाशाला इथे एक अनपेक्षित धक्का नकाशावर बसतो. दरीतल्या शिखरांची नावे विष्णू टेंपल, शिवा टेंपल, ब्रह्मा टेंपल अशी आहेत. विष्णू आणि शिव ही नावे क्लॅरेन्स डटन या भूशास्त्रज्ञाने १८८०च्या सुमारास दिली. शिखरांचे आकार त्याला पूर्वेकडच्या मंदिरांसारखे वाटले.

“अहो, देऊळ आहे म्हणे. किती वाजता बंद होतं?”

“देऊळ नाही गं, डोंगर आहे.”

“मग लांबूनच नमस्कार करते. चपला काढू का?”

या शिवा टेंपलची कथा गाईड सांगत नाही, निदान इंग्रजीत तरी नाही. चहूकडून तुटलेल्या त्या माथ्यावर वेगळेच प्राणी उत्क्रांत झाले असतील, या आशेने न्यूयॉर्कच्या अमेरिकन म्युझियम ऑफ नॅचरल हिस्टरीने १९३७ साली मोहीम काढली. वर्तमानपत्रांनी रान उठवले. शास्त्रज्ञ माथ्यावर पोहोचले, तर तिथे कोडॅक फिल्मचा रिकामा खोका पडलेला. एमरी कोल्ब हा कड्यावरचा फोटोग्राफर. त्याला मोहिमेत घेतले नव्हते, म्हणून तो आधीच गुपचूप जाऊन आला होता. याच कोल्बचा धंदा खेचरांवरून दरीत उतरणाऱ्या प्रवाशांचे फोटो काढण्याचा. वर स्वच्छ पाणी नसल्याने तो फोटो काढून सात-एक किलोमीटर खाली धावत जाई, तिथल्या झऱ्यावर फिल्म धुई आणि खेचरे परतण्याआधी पुन्हा वर धावत येऊन फोटो विकायला बसे. आताच्या प्रवाशाला एवढे कष्ट नाहीत. तो दरीकडे पाठ करतो, हात लांब करतो आणि सोळा फोटो काढतो. पंधरांत डोळे मिटलेले असतात आणि सोळाव्यात दरी नसते.

उरलेल्या वेळात दोन गोष्टी होतात. एक, समोरचा उत्तर कडा पाहून कोणी तरी म्हणते, “तिकडून जास्त छान दिसत असेल.” तो कडा सरळ रेषेत १६ किलोमीटरवर आहे आणि रस्त्याने ३४० किलोमीटरवर. दोन, कोणी तरी काचेचा स्कायवॉक कुठे आहे असे विचारते. तो वालापाई लोकांच्या भूमीत, इथून गाडीने चार तासांवर आहे आणि त्याच्यावर स्वतःचा फोन नेऊ देत नाहीत. हे ऐकल्यावर तो न पाहिल्याचे दुःख बरेच हलके होते. दरम्यान एक खार चिवड्याच्या पिशवीशी ओळख वाढवते. इथल्या खारी चावण्यासाठी प्रसिद्ध आहेत आणि त्यांना खायला घातले तर दंड होतो. मावशी हे कळूनही “गरीब बिचारी” असे म्हणतात, आणि खार चिवडा सोडून बोट निवडते.

सूर्यास्त पाहून निघू या, अशी सूचना पुढे येते. ती मान्य होत नाही. प्रवासी बसच्या ड्रायव्हरने विश्रांतीनंतर सलग पाळीत दहा तासांहून जास्त गाडी चालवू नये असा अमेरिकेतला कायदा आहे, आणि व्हेगस अजून साडेचारशे किलोमीटर असते. परतीच्या वाटेवर गाईड टिपेचा विषय काढतो. टिप ऐच्छिक असते. तिचा दर मात्र माणशी, दिवसाला, ठरलेला असतो. मावशीही त्यात माणूस म्हणून धरल्या जातात. संपूर्ण सहलीत मँडरिन आणि इंग्रजी निवेदन सारख्याच लांबीचे होते ते इथेच. या वेळी इंग्रजीत नकलाही असतात.

रात्री मुलाचा फोन येतो. “कसं वाटलं?”

“एसी फार गार होता रे,” आई सांगते. बाबा पाठीमागून ओरडतात, “तीन दिवसांत तेराशे किलोमीटर झाले म्हणावं!” मावशी बोट दाखवतात, पण तो व्हिडिओ कॉल नसतो.

सहलीसाठी एप्रिल-मे किंवा सप्टेंबरअखेर ते ऑक्टोबर हा काळ बरा. जुलै-ऑगस्टमध्ये या भागात दुपारी वादळी पाऊस येतो आणि पुराच्या धोक्यामुळे अँटेलोप कॅन्यन ऐनवेळी बंद करतात. ब्राइससाठी स्वेटर हातातल्या पिशवीत ठेवावा. अँटेलोपचे तिकीट भाड्यात धरले आहे का, हे पैसे भरण्याआधी विचारून घ्यावे. बहुधा धरलेले नसते.